लिंकनवरची पुस्तकं आणि त्याच्या नावाने उघडलेले क्लब

कसर

वॉशिंग्टनच्या ज्या फोर्ड्स थिएटरात लिंकनला गोळी घातली, त्याच्या समोरच्या इमारतीत लिंकनवरच्या पुस्तकांचा ३४ फूट उंच मनोरा रचून ठेवलाय. पुस्तकं सुमारे ६,८००. खरी नव्हेत, अ‍ॅल्युमिनियमची, फक्त मुखपृष्ठं खऱ्या पुस्तकांची. वाचायला म्हणून हात घातलात तर निराशा होईल. लिंकनवर निघालेल्या पुस्तकांचा आकडा पंधरा हजारांच्या वर सांगतात, म्हणजे मनोऱ्यात निम्मीसुद्धा मावलेली नाहीत.

एवढ्या ढिगाऱ्यात एका गोष्टीला चरित्रकार दोन ओळींवर जागा देत नाहीत: अमेरिकेच्या उत्तर-दक्षिण यादवी युद्धात लिंकनला आधार म्हणून १८६२-६३ मध्ये निघालेले श्रीमंतांचे खाजगी क्लब. फिलाडेल्फियाची युनियन लीग (डिसेंबर १८६२), न्यूयॉर्कचा युनियन लीग क्लब (फेब्रुवारी १८६३), बॉस्टनचा युनियन क्लब (१८६३). बॉस्टनच्या क्लबाचे पहिले अध्यक्ष एडवर्ड एव्हरेट, म्हणजे गेटिसबर्गला लिंकनच्या आधी दोन तास बोलले तेच.

त्या हिवाळ्याची हवा लक्षात घ्या. निवडणुकांत लिंकनच्या रिपब्लिकन पक्षाला फटका बसलेला, डिसेंबरात फ्रेडरिक्सबर्गच्या लढाईत दारुण पराभव. फिलाडेल्फियाच्या बड्या घरांतून दक्षिणेशी सोयरीक आणि धंदा दोन्ही. लिंकनची बाजू घेणारा माणूस तिथल्या जेवणावळीत एकटा पडायचा. अशात जॉर्ज बोकर नावाच्या कवी-नाटककाराच्या (वडील बँकवाले, त्यामुळे कविता परवडत होती) पुढाकाराने काही मंडळी जमली आणि लीगची सुरुवात झाली.

माझं म्हणणं थोडक्यात: युद्ध रेटत ठेवायला लागणारं लोकमत बऱ्याच अंशी या दिवाणखान्यांत घडलं, आणि चरित्रकार तिथे पाऊल टाकत नाहीत. क्लबांनी स्वतः छापलेल्या इतिहासांत दिवाणखाना खुर्चीखुर्चीनिशी भेटतो, पण दाराबाहेर कोणाला उभं ठेवलंय ते दिसत नाही. म्हणून दोन्ही प्रकारची पुस्तकं शेजारी ठेवून वाचावी लागतात.

माझ्याकडची यादी: हेन्री बेलोजने १८७९ मध्ये लिहिलेला न्यूयॉर्क क्लबाचा इतिहास, फिलाडेल्फिया लीगचा १९०२ चा जाडजूड वृत्तांत, त्याच लीगवरचं मॅक्सवेल व्हाइटमनचं १९७५ चं ‘जंटलमेन इन क्रायसिस’, आणि या सगळ्यांहून रसाळ अशी जॉर्ज टेम्पलटन स्ट्राँगची रोजनिशी. भर घाला, भांडा.

मधुमालती

छान विषय. एक बाळबोध प्रश्न. न्यूयॉर्कमध्ये आधीच ‘युनियन क्लब’ होता ना? मग वेगळा युनियन लीग क्लब कशाला?

कसर

बाळबोध कसला, तिथूनच सुरुवात आहे. जुना युनियन क्लब १८३६ चा. युद्ध पेटल्यावर दक्षिणेच्या बाजूला गेलेल्या सभासदांना काढून टाका अशी मागणी झाली. जुडा बेंजामिन हे त्यातलं ठळक नाव, ते तर दक्षिणेचे राष्ट्राध्यक्ष जेफरसन डेव्हिस यांच्या मंत्रिमंडळात होते. क्लबाने त्यांना हाकललं नाही, राजीनामा देऊन सभ्यपणे जाऊ दिलं. क्लब म्हणजे क्लब, राजकारण बाहेर ठेवा, हा जुन्या खोडांचा पवित्रा. चिडलेल्यांनी नवा क्लब काढला. काढणाऱ्यांत बेलोज (धर्मोपदेशक, आणि जखमी सैनिकांसाठी झटणाऱ्या सॅनिटरी कमिशनचे अध्यक्ष), सेंट्रल पार्क आखणारे ओल्मस्टेड आणि आपले रोजनिशीवाले स्ट्राँग.

स्ट्राँग १८३५ ते १८७५ अशी चाळीस वर्षं लिहीत होता. छापील चार खंड १९५२ मध्ये आले. लिंकनला भेटून आल्यावर काय लिहितो, तर माणूस दिसायला-वागायला अगदी रानटी, पण सरळ, समंजस आणि प्रामाणिक. त्या वर्गाला लिंकन कसा दिसत होता हे जाडजूड चरित्रांच्या प्रस्तावनांपेक्षा इथे लवकर कळतं. त्यांना त्याचा टोपीपासून बुटापर्यंत संकोच वाटायचा, आणि त्याच्याशिवाय चालणारही नव्हतं.

गुर्जी_ऑनलाईन

लिंकनचा विषय निघाला आणि हेडमास्तरांना लिहिलेल्या पत्राचा उल्लेख नाही! आमच्या शाळेच्या व्हरांड्यात फ्रेम करून लावलं होतं.

कसर

गुर्जी, येणार हे ठाऊकच होतं :) वसंत बापटांचा मराठी अवतार सुरेख आहे, प्रश्नच नाही. पण लिंकनने असं पत्र लिहिल्याचा पुरावा कोणालाही सापडलेला नाही. रॉय बास्लरने १९५३ मध्ये लिंकनचं समग्र लेखन आठ खंडांत काढलं, त्यात ते नाही. बापटांची कविता म्हणून वाचा, बिघडत नाही.

गुर्जी_ऑनलाईन

फ्रेम काढायला सांगू का शाळेला? मी नाही सांगणार. माझ्याच्याने नाही होणार.

फिलीची_सून

मी फिलाडेल्फियात राहते, म्हणून लिहिते. युनियन लीगची इमारत ब्रॉड स्ट्रीटवर, सिटी हॉलपासून चालत पाच मिनिटांवर. १८६५ मध्ये, म्हणजे लिंकन गेला त्याच वसंतात, ती वापरात आली. लाल वीट, वर उतरतं फ्रेंच धाटणीचं छप्पर, समोर दोन बाजूंनी वळत येणारे जिने, सैनिकांचे पुतळे. एकदा नवऱ्याच्या ऑफिसच्या जेवणाला आत गेले होते. भिंतीभर तैलचित्रं आणि इतका जाड गालिचा की आपलीच पावलं आपल्याला ऐकू येत नाहीत. आत आता वारसा केंद्रही आहे, ते ठरावीक दिवशी सगळ्यांसाठी खुलं असतं. कोणी येणार असाल तर आधी वेळ बघून या.

अलीकडचीही एक गोष्ट. लीगचं सुवर्णपदक पहिल्यांदा १८६३ मध्ये लिंकनला दिलं होतं. २०२३ च्या जानेवारीत ते फ्लोरिडाचे गव्हर्नर रॉन डीसँटिस यांना दिलं, तेव्हा दारात निदर्शनं झाली, आणि सभासदांपैकीही काहींनी उघड नाराजी दाखवली. लिंकनचं नाव कोणी घ्यायचं हा वाद इथे अजून धगधगतोय.

टिपणवही

कसर यांनी बोकरचं नाव घेतलं पण त्याची सर्वात गंमतीची कामगिरी राहिली. पुस्तकं जमवणाऱ्यांसाठी तर हीच मेजवानी आहे.

जून १८६४ मध्ये फिलाडेल्फियात जखमी सैनिकांच्या मदतीसाठी सॅनिटरी कमिशनची भलीमोठी जत्रा भरली होती. लिंकन स्वतः आला होता. त्या जत्रेत विकायला म्हणून बोकर आणि त्याचा मित्र चार्ल्स लीलंड यांनी गुलामीमुक्तीच्या जाहीरनाम्याच्या फक्त ४८ प्रती छापून घेतल्या. त्यावर लिंकन, परराष्ट्रमंत्री सूअर्ड आणि सचिव निकोले यांच्या सह्या. किंमत दहा डॉलर. सगळ्या खपल्या नाहीत! राष्ट्राध्यक्षाच्या सहीचा मुक्तीचा जाहीरनामा दहा डॉलरला महाग वाटला लोकांना.

पुढचं ऐका. त्यातली एक प्रत रॉबर्ट केनेडींनी १९६४ मध्ये ९,५०० डॉलरला घेतली. २०१० च्या लिलावात ती सुमारे ३८ लाख डॉलरला गेली.

लिंकनवरचं छापील साहित्य जमवणं हाही एका काळी क्लबी छंदच होता. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला पाच संग्राहक ‘बिग फाइव्ह’ म्हणून ओळखले जायचे: स्टुअर्ट, फिश, लँबर्ट, मॅकलेलन आणि ओकलीफ. चढाओढ अशी की एखाद्या चोपड्याच्या दुसऱ्या आवृत्तीत स्वल्पविराम हलला तरी ती वेगळी प्रत म्हणून हवी. फिशने ग्रंथसूची केली. पुढे मोनाहनने १८३९ ते १९३९ या शंभर वर्षांची सूची केली, त्यात ३,९५८ नोंदी आहेत. लँबर्टचा संग्रह १९१४ मध्ये लिलावात फुटला, स्टुअर्टचा हंटिंग्टन ग्रंथालयात गेला, मॅकलेलनचा ब्राऊन विद्यापीठात, ओकलीफचा इंडियाना विद्यापीठात. आज अभ्यासकांचं चालतं ते या वेड्यांच्या जीवावर.

रावसाहेब_बिनखात्याचे

या ३,९५८ पैकी किती वाचण्यालायक?

टिपणवही

रावसाहेब, संग्राहकाला असले प्रश्न विचारायचे नसतात.

कसर

टिपणवही, झकास. यात पत्रकांचं जोडतो, कारण माझा मूळ मुद्दा तिथे आहे.

क्लब निघाले तसे छापखानेही चालू झाले. न्यूयॉर्कमध्ये याच वर्तुळातून १८६३ मध्ये ‘लॉयल पब्लिकेशन सोसायटी’ निघाली. तिने ९० पत्रकं काढली, प्रती सुमारे नऊ लाख. फिलाडेल्फिया लीगचं प्रकाशन मंडळ वेगळं, त्यांच्याही लाखो प्रती. जर्मन मतदारांसाठी जर्मनमध्ये. छावण्यांत, रेल्वे स्टेशनांवर, खेड्यातल्या पोस्टात गठ्ठे पोचायचे. खर्च क्लबवाल्यांच्या खिशातून. १८६४ मध्ये लिंकनला २१२ निर्वाचक मतं मिळाली आणि प्रतिस्पर्धी मॅक्लेलनला २१. हे एकट्या पत्रकांनी झालं असं कोणी शहाणा म्हणणार नाही, दक्षिणेचं अटलांटा शहर पडलं नसतं तर पत्रकांची रद्दीच झाली असती. पण अटलांटा पडेपर्यंतचा जो वाईट उन्हाळा होता, त्यात हिंमत टिकवायचं काम या छापखान्यांनी केलं.

सोसायटीचा कणा होता फ्रान्सिस लिबर, कोलंबिया विद्यापीठातला जर्मन प्राध्यापक. लिंकनने सैन्यासाठी युद्धाचे नियम ज्याच्याकडून लिहून घेतले तो हाच. याचे तीन मुलगे युद्धात. दोन उत्तरेकडून, त्यातल्या एकाचा हात फोर्ट डोनल्सनच्या लढाईत गेला. तिसरा दक्षिणेकडून लढला आणि १८६२ मध्ये मेला. हा बाप न्यूयॉर्कमध्ये बसून ‘एकसंध राष्ट्र’ या विषयावर पत्रकांची प्रुफं तपासत होता. लिबरवर एक चांगली कादंबरी का झाली नाही कळत नाही.

आणि ते ‘नदी पार करताना घोडा बदलू नये’ वालं वाक्य आठवतंय ना? ९ जून १८६४ रोजी उमेदवारीबद्दल अभिनंदन करायला आलेल्या नॅशनल युनियन लीगच्या शिष्टमंडळाला उत्तर देताना लिंकन ते बोलला. मी काही देशातला सर्वोत्तम माणूस नाही, पण एक म्हातारा डच शेतकरी म्हणायचा… अशी सुरुवात करून. समोर कोण होतं हे बहुतेक अवतरण-संग्रहांत गाळलेलं असतं.

रानवारा

चर्चा क्लबांच्या गालिच्यावरून फार खाली उतरत नाहीये म्हणून लिहितो.

कसर, तुमच्या यादीत मायकेल फिट्झगेराल्डचं १९८९ चं पुस्तक नाही. विषय: दक्षिणेतली युनियन लीग चळवळ, अलाबामा आणि मिसिसिपी. लीगची एक देशव्यापी शाखाबद्ध संघटना होती, सुरुवात जून १८६२ मध्ये इलिनॉयच्या पेकिन गावात. युद्धानंतर, आणि विशेषतः १८६७ मध्ये मुक्त झालेल्या गुलामांना मताधिकार मिळाल्यावर, तिच्या शाखा दक्षिणेत काळ्या वस्त्यांमध्ये पसरल्या. बैठका रात्री, लाकडी चर्चमध्ये नाहीतर शाळेत, बाहेर बंदूक घेऊन पहारा. आत बायबल, झेंडा आणि स्वातंत्र्याचा जाहीरनामा ठेवून शपथ. मतपत्रिका कशी ओळखायची, मळेवाल्याशी करार करताना काय मागायचं, टोळीने राबवून घ्यायला नकार कसा द्यायचा, याच्या चर्चा. फिट्झगेराल्डचा मुद्दा असा की मळ्यावर मुकादमाखाली टोळीने राबायची पद्धत मोडून कुळांनी वेगवेगळे तुकडे कसायची पद्धत आली, त्यामागे या बैठकांचा मोठा धक्का होता.

आणि याच बैठकांवर क्लू क्लक्स क्लान या गोऱ्यांच्या दहशतवादी टोळीने हल्ले केले. चाबूक, जाळपोळ, खून. दोन-तीन वर्षांत बहुतेक शाखा संपल्या. फिलाडेल्फियाच्या सभासदाला लीगमुळे फार तर एखाद्या मेजवानीचं आमंत्रण हुकलं असेल. अलाबामातल्या सभासदाचा जीव जायचा. नाव दोघांचं एकच. क्लबांच्या शतकमहोत्सवी ग्रंथांत या भावंडांना किती पानं मिळतात ते मोजा.

आता आपल्याकडचा धागा. जोतीराव फुल्यांनी ‘गुलामगिरी’ १८७३ मध्ये छापली आणि ती अर्पण केली अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना, गुलामांना मुक्त करण्यासाठी त्यांनी दाखवलेल्या औदार्याबद्दल. पुण्यात बसून त्यांनी त्या लढ्याचं मर्म बरोबर पकडलं होतं. आणि त्याच वेळी तिकडे ते औदार्य आटत चाललं होतं. हे दोन्ही एकाच पानावर मांडणारं मराठी पुस्तक मला हवंय.

मधुमालती

रानवारा +१. हा प्रतिसादच स्वतंत्र लेख व्हावा.

कसर

रानवारा, फिट्झगेराल्ड यादीत घेतलं. पण उत्तरेकडच्या क्लबांना फक्त गालिचा म्हणून सोडू नका. जुलै १८६३ मध्ये न्यूयॉर्कमध्ये सक्तीच्या सैन्यभरतीविरुद्ध दंगल झाली, काळ्या लोकांना दिव्याच्या खांबांना लटकवलं, काळ्या अनाथ मुलांचा आश्रम जाळला. त्यानंतर आठ महिन्यांच्या आत युनियन लीग क्लबाने स्वतःच्या खर्चाने काळ्या सैनिकांची विसावी पलटण उभी केली आणि ५ मार्च १८६४ ला त्याच शहरातून, ब्रॉडवेवरून, बँड लावून मिरवत नेली. क्लबाच्या दारात त्यांना निशाण दिलं. फिलाडेल्फियाजवळच्या कॅम्प विल्यम पेनमध्ये सुमारे अकरा हजार काळे सैनिक तयार झाले, त्यामागेही लीगवाल्यांचा पैसा आणि खटपट होती. त्या वर्षी ही हिंमतीची गोष्ट होती, फॅशन नव्हती.

रानवारा

मान्य. आणि त्याच फिलाडेल्फियात त्या सैनिकांच्या बायकांना छावणीत नवऱ्याला भेटायला जाताना घोड्यांच्या ट्राममध्ये चढू देत नव्हते. तो नियम मोडायला १८६७ उजाडलं, आणि तो काळ्या कार्यकर्त्यांनी मोडला: ऑक्टेव्हियस कॅटो, विल्यम स्टिल. पलटण उभी करणाऱ्यांपैकी कितीजणांचे त्या ट्राम कंपन्यांत शेअर होते हे कोणी शोधलंय का?

कसर

चांगला प्रश्न. व्हाइटमनमध्ये पुन्हा बघतो.

फिलीची_सून

व्हाइटमन हा माणूसही मजेशीर आहे. फिलाडेल्फियाच्या ज्यू समाजाचा इतिहास लिहिणाऱ्या दोघांपैकी एक. लीगने आपला इतिहास त्याच्याकडून लिहून घेतला.

टिपणवही

ज्यूंवरून आठवलं, सेलिगमन प्रकरण इथे यायलाच हवं.

जेसी सेलिगमन, मोठे बँकर. सेलिगमन भावंडांनी युद्धात उत्तरेचे कर्जरोखे जर्मनीत विकायला मदत केली होती. जेसी न्यूयॉर्कच्या युनियन लीग क्लबाचे जुने सभासद, नंतर उपाध्यक्षही. १८९३ मध्ये त्यांचा वकील मुलगा थिओडोर याचं नाव सभासदत्वासाठी आलं. अशा क्लबांत मतदान पेटीत गोट्या टाकून होतं, काळ्या गोट्या ठरावीक संख्येच्या वर गेल्या की नाव बाद. थिओडोर बाद झाला. चारित्र्यावर आक्षेप नाही, शिक्षणावर नाही. कारण ज्यू, आणि ते लपवलंही नाही. जेसींनी तिथल्या तिथे राजीनामा दिला. सहकाऱ्यांनी तो परत घ्यायची विनंती केली. म्हणजे बाप हवा होता, मुलगा नको. जेसी परत क्लबात गेले नाहीत, पुढच्याच वर्षी वारले.

हे वाचायला बेलोजचा उपयोग नाही, त्याचं पुस्तक चौदा वर्षं आधीचं. स्टीफन बर्मिंगहॅमच्या ‘आवर क्राउड’ (१९६७) मध्ये सापडेल, आणि तेव्हाच्या वर्तमानपत्रांत रकानेच्या रकाने आहेत.

रावसाहेब_बिनखात्याचे

लिंकनच्या नावाने काढलेल्या क्लबात तीस वर्षांनी हे. आमच्या मुंबईत निदान बायकुला क्लबवाले समतेच्या गप्पा तरी मारत नव्हते. नेटिव्हांना बंदी म्हणजे बंदी.

जाता जाता, फ्रँकलिन रूझवेल्टलाही हार्वर्डच्या पोर्सेलियन क्लबाने नाकारलं होतं ना? घराण्यातला थिओडोर रूझवेल्ट तिथला सभासद असूनही. श्रीमंतांवर पुढे एवढे कर लावले ते त्याच रागातून, अशी एक थिअरी वाचली होती.

टिपणवही

नाकारलं हे खरं, मग तो फ्लाय क्लबात गेला. नकार मनाला लागला होता हे त्याची बायको एलिनॉर हिनेही सांगितलंय. करांचं खापर मात्र कॉलेजच्या क्लबावर फोडू नका, महामंदी नावाचं प्रकरणही झालं होतं मध्ये.

मधुमालती

आणि बायका? एवढ्या सगळ्यात आम्ही कुठे?

फिलीची_सून

जत्रेत स्टॉल लावत होतो, मधुमालती. सॅनिटरी कमिशनच्या जत्रांचा बराचसा डोलारा बायकांनी उभा केला, क्लबाच्या जेवणघरात मात्र पाहुणी म्हणूनच प्रवेश. न्यूयॉर्क शहराने १९८४ मध्ये कायदा केला की ४०० च्या वर सभासद असलेल्या आणि धंद्याच्या गाठीभेटींसाठी वापरल्या जाणाऱ्या क्लबांनी भेदभाव करायचा नाही. क्लबांची संघटना कोर्टात गेली आणि १९८८ मध्ये सर्वोच्च न्यायालयात ९ विरुद्ध ० अशी हरली. लिंकनवरच्या कुठल्याच पुस्तकात हे येणार नाही अर्थात, पण कसर यांच्या ‘दाराबाहेर कोण’ मध्ये बसतं म्हणून लिहिलं.

गुर्जी_ऑनलाईन

माझ्यासारख्याने सुरुवात कुठून करावी? इंग्रजी जेमतेम, लिंकनबद्दल माहिती त्या फ्रेमएवढी.

कसर

गुर्जी, मराठीत वि. ग. कानिटकरांचं ‘अब्राहम लिंकन : फाळणी टाळणारा महापुरुष’ घ्या. क्लब वगैरे शोधू नका त्यात, आधी माणूस कळू दे. कानिटकर फाळणीच्या चष्म्यातून बघतात हे लक्षात ठेवून वाचा, नावातच सांगितलंय त्यांनी. इंग्रजीत एकच खंड झेपणार असेल तर डेव्हिड डोनाल्डचं १९९५ चं चरित्र. निकोले आणि जॉन हे यांचे दहा खंड (१८९०) सध्या नको. दोघेही लिंकनचे सचिव, मजकुरावर मुलगा रॉबर्टची नजर, त्यामुळे सगळे कपडे इस्त्री केलेले. वकिलीतला भागीदार हर्नडन (१८८९) नेमका उलटा, त्याला मळलेला सदराच जास्त आवडतो. त्याच्यावर डोळे झाकून विश्वास ठेवू नका, पण वाचताना मजा येते.

क्लबांसाठी बेलोज आणि १९०२ चा वृत्तांत दोन्ही स्वामित्वहक्काबाहेर गेलेत, स्कॅन फुकट मिळतात. वृत्तांतातल्या सभासदांच्या याद्या आणि मेजवान्या सरळ उडवा, प्रकाशन मंडळ आणि पलटणींची प्रकरणं वाचा. स्ट्राँगची रोजनिशी मात्र महाग आहे, जुन्या बाजारात तिसरा खंड सुटा मिळाला तर सोडू नका, युद्धाची वर्षं त्यातच आहेत.

रानवारा

फिट्झगेराल्ड माझ्याकडे आहे. कसर, तुम्हाला देतो, पण परत हवं. पेन्सिलीच्या खुणा माझ्या आहेत, पुसू नयेत.

फिलीची_सून

व्हाइटमनची जास्तीची प्रत इथल्या जुन्या पुस्तकांच्या दुकानात दिसली होती. डिसेंबरात पुण्याला येतेय. कोणाला हवी असेल तर व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा, सामानात एकाच जाड पुस्तकाची जागा आहे.

टिपणवही

व्यनि केलाय. रावसाहेबांच्या आधी केलाय, वेळ बघून घ्या.